डीकॅफ घेऊनही झोप नाही? आधी गोळीची पट्टी उलटून बघा

पत्र

ताई, नमस्कार.

मी एकोणसाठ वर्षांची, इंदूरला सुदामानगरात राहते. शाळेतल्या नोकरीतून निवृत्त झाले आहे. कॉफीचं वेड माहेरापासूनचं. दिवसाला चार मग व्हायचे, शेवटचा रात्री जेवणानंतर, जायफळ घालून. दिवाळीनंतर झोप बिघडली, अधूनमधून छातीत धडधडायला लागलं. ईसीजी झाला, रक्त तपासलं, सगळं ठीक निघालं. डॉक्टर म्हणाले, कॅफीन कमी करा. म्युनिकला असलेल्या मुलाने डीकॅफ, म्हणजे कॅफीन काढलेल्या, इन्स्टंट कॉफीचे दोन डबे पाठवले आणि त्या दिवसापासून मी नेहमीची कॉफी साफ बंद केली.

दुसऱ्याच दिवशी डोकं असं धरलं की आठवडाभर सोडेना. डोकेदुखीची गोळी घेतली की अर्ध्या तासात बरं वाटायचं. आता दीड महिना झाला. अजूनही आठवड्यातल्या तीन-चार रात्री झोपताना गोळी लागते आणि झोप काही सुधारलेली नाही. चहा चार वेळा होतो: सकाळी पोह्यांबरोबर, अकराला, संध्याकाळी सहाला हे फिरून आले की, आणि रात्री साडेनऊला. हा शेवटचा नवीन आहे. डीकॅफची चव रात्री नकोशी वाटते म्हणून सुरू झाला.

आमचे हे म्हणतात, भिंतींचा रंग उतरवायच्या केमिकलने डीकॅफ धुतात, तेच तुझ्या डोक्यात चढतंय, फेकून दे ते डबे. धाकटी मुलगी बाळंतपणाला आली आहे, आठवा महिना चालू आहे. तिलाही कॉफीची तलफ येते. तिला हे द्यावं का? मला थायरॉइडची गोळीही चालू आहे, हे सांगायचं राहिलंच.

— सुदामानगरची एक वाचक

उत्तर

ताई, डबे फेकू नका. निदान हे उत्तर वाचून होईपर्यंत तरी नको.

तुमच्या पत्रात मला डीकॅफपेक्षा जास्त खटकल्या त्या दोन गोष्टी तुम्ही जाता जाता लिहून टाकल्या आहेत: रात्री साडेनऊचा चहा आणि झोपतानाची गोळी. यजमानांच्या केमिकलच्या मुद्द्यावर मी येणार आहे, तो अगदीच पोकळ नाही. पण आधी ती गोळीची पट्टी हातात घ्या, चष्मा लावा आणि मागचं बारीक अक्षर वाचा.

आपल्याकडे औषधाच्या दुकानात सहज मिळणाऱ्या डोकेदुखीच्या काही गोळ्यांत पॅरासिटामॉलच्या जोडीला कॅफीन असतं, एका गोळीत पन्नासएक मिलीग्रॅम. लपवाछपवी काही नाही, घटकांच्या यादीत ते स्पष्ट छापलेलं असतं. त्याला कारणही आहे: कॅफीनची जोड मिळाली की वेदनाशामकाचा गुण थोडा वाढतो. तुमची गोळी याच जातीची असावी असा माझा दाट संशय आहे. नुसतं पॅरासिटामॉलही डोकं उतरवतं, पण तुमचं डोकं मुळात दुखत होतं कॅफीन तुटल्यामुळे. ज्याची तलफ तेच गोळीतून पोटात गेलं तर अर्ध्या तासात बरं वाटणारच.

हे तुटणं म्हणजे काय तेही सांगते, कारण डीकॅफवर आळ आला तो इथेच. आपण जागे असतो तेव्हा मेंदूत अ‍ॅडेनोसिन नावाचं द्रव्य हळूहळू साठत जातं. ते पेशींवरच्या ठरावीक जागी, म्हणजे रिसेप्टरवर, जाऊन चिकटलं की पेंग यायला लागते. कॅफीनच्या रेणूची ठेवण अ‍ॅडेनोसिनशी इतकी मिळतीजुळती आहे की ते त्याच जागा आधी अडवून बसतं. कॉफीने थकवा जात नाही, थकल्याची वर्दी तेवढी मेंदूला मिळत नाही. वर्षानुवर्षं रोज असं झालं की मेंदू त्या रिसेप्टरची संख्या वाढवून घेतो. मग एके दिवशी कॅफीन बंद झालं, तर वाढलेल्या सगळ्या जागा अ‍ॅडेनोसिनला मोकळ्या मिळतात, मेंदूतल्या रक्तवाहिन्या रुंदावतात आणि डोकं ठणकायला लागतं. सोबत आळस, चिडचिड, कशात लक्ष न लागणं. साधारण बारा ते चोवीस तासांत हे सुरू होतं, एक-दोन दिवसांत अगदी टोकाला जातं आणि दोन ते नऊ दिवसांत ओसरतं. मानसोपचारतज्ज्ञ वापरतात त्या डीएसएम-५ या २०१३ सालच्या नियमावलीत याची रीतसर नोंद आहे. तुम्ही लिहिलेला आठवडा यात चपखल बसतो. हरतालिकेच्या निर्जळी उपासाला दुपारनंतर डोकं धरतं तेव्हा आपण सगळं खापर रिकाम्या पोटावर फोडतो. सकाळचा चहा चुकलेला असतो, हे कुणाच्या लक्षात येत नाही.

म्हणजे त्या आठवड्यात डीकॅफने तुम्हाला काही केलं नाही. त्यात जे नव्हतं त्यानेच डोकं दुखलं. एकदम तोडण्याऐवजी नेहमीच्या पुडीत पाव हिस्सा डीकॅफ मिसळून, चार-पाच दिवसांनी निम्मं, मग पाऊण अशा पायऱ्यांनी उतरला असता तर एवढा त्रास झाला नसता. डॉक्टरांच्या गर्दीच्या दवाखान्यात 'कमी करा' एवढंच सांगितलं जातं, कसं ते राहून जातं.

आता झोप. हैदराबादच्या राष्ट्रीय पोषण संस्थेने, म्हणजे भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेच्या (आयसीएमआर) एनआयएनने, २०२४ मध्ये भारतीयांसाठी आहाराच्या नव्या मार्गदर्शक सूचना काढल्या. त्यात दीडशे मिलीलीटरच्या कपाचे आकडे आहेत: उकळून किंवा गाळून केलेल्या कॉफीत ८० ते १२० मिलीग्रॅम कॅफीन, इन्स्टंटमध्ये ५० ते ६५, चहाच्या एका वाढपात ३० ते ६५. दिवसभरात ३०० मिलीग्रॅमच्या वर जाऊ नये असं ही संस्था म्हणते. युरोपची अन्नसुरक्षा संस्था निरोगी प्रौढांना ४०० पर्यंत मोकळीक देते. मी आपल्याकडचाच आकडा धरते.

तुमच्या चार मगांत, इन्स्टंट धरली तर, २४० च्या आसपास कॅफीन होतं आणि दिवसाचे तीन चहा धरून आकडा साडेतीनशेच्या पुढे जात होता. आज चार चहांचे मिळून १६० आणि गोळीचे ५०. एकूण बेरीज छान उतरली, डॉक्टरांचं तुम्ही ऐकलंत. पण उरलेल्यातला मोठा वाटा तुम्ही नेमका रात्रीवर नेऊन ठेवला.

शरीरातलं कॅफीन निम्मं व्हायला सरासरी पाचएक तास लागतात. माणसामाणसांत यात बराच फरक पडतो, कारण यकृतातलं जे एन्झाइम कॅफीन मोडतं त्याची चलाखी प्रत्येकाची वेगळी. 'मी रात्री दोन कप पिऊन घोरतो' असं सांगणारे भेटतात ते खोटं बोलत नसतात, पण त्यांचं उदाहरण तुमच्या कामाचं नाही. तुमच्यासाठी पाच तास धरू. सहाच्या चहातले चाळीस मिलीग्रॅम रात्री अकराला वीस उरले. साडेनऊच्या चहातले तीसेक अजून अंगात आहेत. साडेदहाला गोळी घेतली असेल तर तिचे जवळपास सगळे. झाले शंभर. म्हणजे दीड कप इन्स्टंट कॉफी पिऊन तुम्ही अंथरुणाला पाठ टेकता आणि दोष डीकॅफच्या डब्याला देता. हिशेब ढोबळ आहे, पण दिशा चुकत नाही. २०१३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अमेरिकी प्रयोगात झोपण्याच्या सहा तास आधी ४०० मिलीग्रॅम कॅफीन दिलं, तरीही लोकांची झोप तासाभराहून जास्त घटली. तो डोस तुमच्या कैक पट, हे खरं. पण सहा तास आधी घेतलेलं कॅफीनही झोपेला सोडत नाही, एवढं त्यातून कळतं. शिवाय साठीच्या आसपास झोप मुळातच पातळ होते, तिला जागं व्हायला निमित्त पुरतं.

धडधडीबद्दल थोडक्यात. कॉफीने ठोके चुकतात असं सरसकट मानायची पद्धत होती. २०२३ मध्ये शंभर निरोगी माणसांना काही दिवस कॉफी प्या, काही दिवस पिऊ नका असं सांगून हृदयाचे ठोके यंत्रावर टिपले, तेव्हा हृदयाच्या वरच्या कप्प्यांतून येणारे जादा ठोके कॉफीने लक्षणीय वाढले नाहीत. खालच्या कप्प्यांतले थोडे वाढले. कॉफीच्या दिवशी माणसं चालली जास्त आणि झोपली मात्र सरासरी छत्तीस मिनिटं कमी. तुमचे रिपोर्ट चांगले आहेत, म्हणून घाबरायचं कारण नाही. फक्त धडधडीबरोबर चक्कर, धाप किंवा छातीत दुखणं आलं तर या सदराच्या भरवशावर बसू नका, त्याच दिवशी डॉक्टर गाठा. आणि घरी बीपी मोजत असाल तर चहा-कॉफीनंतर निदान अर्धा तास थांबून मोजा, नाहीतर यंत्र उगीच दोन-चार आकडे जास्त दाखवील.

आता यजमानांचं केमिकल. इथे मी जरा जास्त वेळ घेणार आहे, कारण या विषयावर फिरणाऱ्या निरोपांत अर्धं खरं आणि अर्धं भलतंच असतं.

कॉफीतलं कॅफीन काढतात ते भाजण्याआधी, हिरव्या बियांतून. भाजल्यावर काढायला गेलं तर ज्या वासासाठी एवढा खटाटोप तोच निघून जाईल. कॅफीन गरम पाण्यात सहज विरघळतं. अडचण अशी की पाण्यात बीमधली साखर, आम्लं, चवीची सगळी द्रव्यंही विरघळतात. सव्वाशे वर्षांची सगळी धडपड त्यातून कॅफीन तेवढं एकटं कसं उचलायचं यासाठी आहे. कॅफीन प्रथम वेगळं केलं ते १८१९ च्या सुमारास फ्रीडलीब रुंग या तरुण जर्मन रसायनतज्ज्ञाने. 'यात काय आहे ते बघ' म्हणून कॉफीच्या बिया त्याच्या हातात ठेवणारा माणूस होता महाकवी गटे. पुढे ब्रेमेनचा कॉफी व्यापारी लुडविग रोझेलियस याने विसाव्या शतकाच्या सुरुवातीला धंद्याच्या प्रमाणावर डीकॅफ बनवलं आणि १९०६ मध्ये त्यासाठी कंपनी काढली. समुद्राच्या पाण्यात भिजलेल्या एका जहाजभर बियांतून त्याला कल्पना सुचली, अशी हकीकत सांगतात. तो बियांना वाफ देऊन बेंझिनने धुवायचा. बेंझिनमुळे कॅन्सर होतो हे आज पक्कं ठाऊक आहे आणि ती पद्धत केव्हाच मोडीत निघाली. आजोबांच्या काळात कुणी डीकॅफला विष म्हटलं असतं तर मी मान हलवली असती.

बेंझिनच्या जागी जी द्रावकं, म्हणजे कॅफीन विरघळवून नेणारी द्रव्यं, आली त्यांतलं एक डायक्लोरोमिथेन, उर्फ मिथिलीन क्लोराइड. यजमान म्हणतात तेच. रंग उतरवायला ते खरोखरच वापरत, त्यांनी बरोबर वाचलं आहे. बिया वाफेने फुगवतात, या द्रवाने पुन्हा पुन्हा धुतात, तो कॅफीन ओढून नेतो. मग बियांना परत वाफ देतात. हा द्रव साधारण ४० अंशांना उकळून उडून जातो आणि पुढे कॉफी भाजली जाते ती दोनशे अंशांच्या आसपास, त्यामुळे मागे उरतं ते नाममात्र. तरी नाममात्र म्हणजे किती, याला कायदा आहे. युरोपीय संघात भाजलेल्या कॉफीत किलोमागे २ मिलीग्रॅमहून जास्त चालत नाही, अमेरिकेत ही मर्यादा किलोमागे १० मिलीग्रॅम आहे. तुमचा डबा जर्मनीतून आलेला. एका कपाला आठ ग्रॅम पूड लागली आणि मर्यादेपर्यंतचं सगळं द्रव्य त्यात उरलं, असं वाईटातलं वाईट धरलं तरी कपात ते एका मिलीग्रॅमच्या साठाव्या भागाएवढं भरतं. एवढ्याने डोकं चढत नाही.

पण यजमानांची पाठराखणही करते. डायक्लोरोमिथेन निरुपद्रवी नाही. कॅन्सरवर संशोधन करणाऱ्या जागतिक संस्थेने त्याला 'बहुधा कॅन्सरकारक' या वर्गात टाकलं आहे. अमेरिकेच्या पर्यावरण खात्याने २०२४ मध्ये त्याच्या बहुतेक वापरांवर बंदी आणली. ती प्रामुख्याने बंद खोलीत त्याच्या वाफा नाकात जाणाऱ्या कामगारांसाठी होती, त्यात जीव गेलेले आहेत. अन्नातला वापर वेगळ्या खात्याकडे आहे आणि तिथे तो बंद करावा अशी मागणी चालू आहे. पिणाऱ्यापेक्षा कारखान्यातल्या माणसाला त्याचा धोका जास्त, असं माझं मत. ज्याला तेही नको त्याला पर्याय भरपूर आहेत.

इथिल अ‍ॅसिटेट हे दुसरं द्रावक. पिकलेल्या फळांत ते निसर्गतः असतं. कोलंबियात उसाच्या मळीपासून बनवून वापरतात आणि मग डब्यावर 'नैसर्गिक' किंवा 'उसाची पद्धत' असं मिरवतात. नेलपॉलिश पुसायच्या बाटलीतही हेच असतं, हे मात्र डब्यावर कुणी छापत नाही! रेणू उसातून आला काय नि कारखान्यातून आला काय, रेणू तोच. कॉफीत त्याची भीती बाळगायचं कारण नाही, आणि त्याच्या नैसर्गिकपणाचं कौतुकही नको.

तिसरी पद्धत मला सगळ्यांत देखणी वाटते. कार्बन डायऑक्साइडला ३१ अंशांच्या वर आणि हवेच्या दाबाच्या त्र्याहत्तर पटींहून जास्त दाबाखाली ठेवलं की तो धड वायू राहत नाही, धड द्रव होत नाही. वायूसारखा बीच्या आत शिरतो आणि द्रवासारखं कॅफीन विरघळवून बाहेर आणतो, चवीच्या द्रव्यांना फारसा हात न लावता. १९६०च्या दशकात जर्मनीतल्या म्युल्हाइम इथल्या माक्स प्लांक संस्थेत कुर्ट झोझेल याने हे शोधलं. संस्था दगडी कोळशावर संशोधन करणारी आणि निघालं कॉफीचं काम! दाब सोडला की वायू उडून जातो, मागे काही उरत नाही. यंत्रं महाग म्हणून मोठे कारखानेच हे करतात.

आणि चौथी, नुसत्या पाण्याची. स्वित्झर्लंडमध्ये जन्मली म्हणून 'स्विस वॉटर' नाव पडलं, आज तिचा कारखाना कॅनडात आहे. यातली युक्ती गृहिणीला चटकन कळेल. पाण्यात साखर विरघळेनाशी होईपर्यंत घातली तरी त्यात चिमूटभर मीठ विरघळतंच, कारण ते पाणी साखरेने भरलेलं आहे, मिठाने नाही. तसं कॉफीच्या चवीच्या सगळ्या द्रव्यांनी आधीच भरलेलं, पण कॅफीन नसलेलं पाणी तयार करतात. त्यात ताज्या हिरव्या बिया भिजवल्या की चव बीमध्येच राहते आणि कॅफीन तेवढं पाण्यात उतरतं. पाणी कोळशाच्या गाळणीतून काढून कॅफीन अडवतात आणि तेच पाणी पुन्हा वापरतात.

बाकीच्या पद्धतींत निघालेलं कॅफीन कुणी टाकून देत नाही. ते शीतपेयं आणि औषधं बनवणाऱ्यांना विकलं जातं. एखाद्याच्या कॉफीतून काढलेलं कॅफीन कोलाच्या बाटलीतून किंवा गोळीतून त्याच्याच पोटात परत जाणं अगदी शक्य आहे.

डीकॅफमध्ये कॅफीन शून्य नसतं. कपाला दोन-चार मिलीग्रॅम, काही कॅफेंतल्या कपात दहा-पंधरापर्यंत. तुमच्या झोपेच्या दृष्टीने घरचा कप नगण्य. जाता जाता, चिकोरीत कॅफीन अजिबात नसतं. आपल्याकडे चिकोरी मिसळलेल्या कॉफीत निदान ५१ टक्के कॉफी हवी असा नियम आहे आणि प्रमाण डब्यावर छापावं लागतं. चिकोरी जास्त असलेली पूड स्वस्त म्हणून लोक नाक मुरडतात, पण कॅफीन कमी करू पाहणाऱ्याला ती सोयीची आहे.

आता लेकीचं. तिला डीकॅफ द्या, खुशाल द्या. गरोदरपणात दिवसाला २०० मिलीग्रॅमच्या आत राहावं असं युरोपची अन्नसुरक्षा संस्था सांगते. त्यात चहा, कोला, चॉकलेट, ग्रीन टी सगळं मोजायचं. ग्रीन टीत कॅफीन नसतं ही समजूत घरोघर आहे आणि ती चुकीची आहे. शेवटच्या तिमाहीत तर आईच्या शरीरातून कॅफीन निघायला फार वेळ लागतो. एरवी पाच तासांत निम्मं होणारं पंधरा तासांपर्यंत रेंगाळू शकतं. ते वारेतून बाळापर्यंत पोचतं आणि बाळाच्या यकृताला ते मोडता येत नाही. म्हणून सकाळी एक साधा कप हवा असेल तर चालेल, बाकी डीकॅफ. तिच्यासाठी पुढचा डबा पाण्याच्या किंवा कार्बन डायऑक्साइडच्या पद्धतीचा मागवा. या डब्यात धोका आहे म्हणून नव्हे, तर बाळंतिणीच्या खोलीत रोज त्यावर वाद नको म्हणून.

तिच्या बाबतीत मला कॅफीनपेक्षा लोहाची काळजी जास्त वाटते, आणि तिथे डीकॅफही सुटत नाही. इंदूरचे पोहे म्हणजे वर शेव, जिरावन मसाला आणि लिंबू, आणि लगोलग चहा. पोह्यांत लोह असतं, लिंबातलं क जीवनसत्त्व ते शोषायला मदत करतं, इथवर उत्तम. मग वरून चहा येतो आणि त्यातली टॅनिनं त्या लोहाला पकडून ठेवतात, शरीराला मिळू देत नाहीत. कॉफीतली पॉलिफिनॉलंही तेच करतात आणि कॅफीन काढलं तरी ती जागेवरच असतात. जेवणाआधी आणि नंतर तासभर चहा-कॉफी टाळावी, असं एनआयएनच्या त्याच सूचनांत आहे. पोहे आठला तर चहा नऊला. इंदुरात हे सांगणं म्हणजे धाडस आहे, कळतंय मला. पण आठव्या महिन्यातल्या मुलीसाठी तेवढं करा, आणि तिची लोहाची गोळी तर चहा-कॉफीच्या आसपासही नको.

तुमची थायरॉइडची गोळी उपाशीपोटी, साध्या पाण्याबरोबर, आणि त्यानंतर निदान अर्धा तास, जमलं तर तासभर, कॉफी-चहा काही नाही. कॉफीने तिचं शोषण घटतं. सकाळी गोळी आणि चहा-कॉफीचा मग एकाच दमात घ्यायची सवय असेल तर डॉक्टरांना तसं सांगा आणि टीएसएच ही थायरॉइडची रक्ततपासणी पुन्हा करायची का ते विचारा. थायरॉइडच्या गोळीचं प्रमाण जास्त झालं तरी धडधड आणि निद्रानाश होतो, त्यामुळे हे विचारणं टाळू नका.

मग करायचं काय? आज रात्रीपासून साडेनऊचा चहा बंद. सहाचा चहा चारवर आणा. यजमानांना फिरून आल्यावर कंपनी हवी असते हे समजू शकते, त्यांच्याबरोबर तुम्ही डीकॅफ घ्या. पट्टीवर कॅफीन लिहिलेलं असेल तर ती गोळी बाजूला ठेवा. डोकं दुखलंच तर नुसतं पॅरासिटामॉल, तेही रोजचं नको. आठवड्यातून तीन-चार रात्री म्हणजे महिन्याला बारा-सोळा दिवस होतात. अशा मिश्र गोळ्या महिन्यातून दहा किंवा जास्त दिवस, महिनोन्‌महिने घेतल्या तर त्या गोळ्यांमुळेच डोकेदुखी जडते. तुम्ही त्या वाटेवर आहात. पहिले काही दिवस डोकं पुन्हा थोडं कुरकुरेल, पण या वेळी कारण ठाऊक असेल. रात्री सराफ्यात खायला जाणं झालं तर कोला नको. शिकंजी घ्या, आपली इंदुरी, दुधाची. बाहेरगावचे लोक शिकंजी म्हटलं की लिंबूपाणी समजतात, त्यांना समजावण्यात वेळ घालवू नका. साखर भरपूर असते तिच्यात, तेव्हा रोज नको.

तीन आठवडे हे नेटाने करा. त्यानंतरही झोप आली नाही तर कॅफीनचा पिच्छा सोडून डॉक्टरांकडे दुसरी कारणं शोधायला जा, आणि जाताना ती गोळीची पट्टी सोबत न्या. दुकानातून आपली आपण घेतलेली गोळी डॉक्टरांना सांगायची असते, हे बहुतेकांना सुचतच नाही.

राहिली चव. डीकॅफ जरा मवाळ लागतं हे मान्य. पूड दीडपट घ्या. चमचाभर साखर आणि थेंबभर पाण्यात ती पांढुरकी होईपर्यंत फेटा, दूध आटवून दाट करा आणि जायफळ ऐन वेळी किसा, डबीतलं जुनं नको. जायफळ चिमटीभरच, जास्त झालं तर तेच डोक्यात जातं. पुढच्या डब्याचं मुलाला आत्ताच कळवा. पाण्याच्या किंवा कार्बन डायऑक्साइडच्या पद्धतीने केलेलं असलं तर कंपन्या ते ठळक छापतात. काहीच लिहिलं नसेल तर बहुधा द्रावकाचं धरायचं. आणि दोन मोठ्या डब्यांऐवजी चार लहान पाठव म्हणावं, पावसाळ्यात उघडा डबा महिन्याभरात ओल धरतो.